कर्तबगार माणसे अपयशी का होतात ?
(कविवर बनारसीदासांच्या आत्मवृत्ताचा एका व्यापाऱ्याने केलेला अभ्यास)



आपल्या संघाच्या स्मरणिकेत दरवर्षी जुन्या पेढ्यांचे इतिहास छापून येतात. अमुक सालात अमुक शेठजी लोटा-दोरी घेऊन या शहरी आले, सचोटीने व्यापार केला, आणि आज त्यांचे नातू तीन वखारींचे मालक आहेत, असा त्या इतिहासांचा एकंदर साचा असतो. हे इतिहास खरे असतात व ते छापले जावेत हेही योग्यच. परंतु ज्या पेढ्या बंद पडल्या, ज्यांच्या फळ्या एका सकाळी उघडल्याच नाहीत, त्यांचा इतिहास लिहिण्याची आपल्यात रीत नाही. शिकाऊ मुलाला मात्र या दुसऱ्या इतिहासाची गरज अधिक असते. चढावरचा रस्ता त्याला कोणीही दाखवील. घसरण कोठे आहे हे घसरलेल्या माणसालाच ठाऊक असते.

या विषयाकडे मी वळलो त्याला एक कारण घडले. गेल्या वर्षी आपल्या दाल बाजारातील एका तरुण व्यापाऱ्याचे दुकान बंद झाले. मुलगा आळशी नव्हता, व्यसनी नव्हता, हिशेबाला चोख होता. त्याची बुद्धी तर आम्हा जुन्या लोकांपेक्षा चार पावले पुढे धावत असे. असा मुलगा बुडाला कसा, याची चर्चा आम्ही पंधरा दिवस दुकानांच्या ओट्यांवर बसून केली. त्या चर्चेत मीही होतो. माझेही त्याच्याकडे येणे होते, आणि त्या येण्यापायी मी त्याच्याविषयी जे बोललो ते आज येथे लिहावयास मला लाज वाटते. त्याच्या घरी मात्र आमच्यापैकी एकही जण गेला नाही. पुढे चातुर्मासात स्वाध्यायासाठी एक ग्रंथ हाती आला व तो वाचताना माझी मान पुष्कळ वेळा खाली गेली. त्या ग्रंथाचा परिचय आणि त्यातून मला उमगलेल्या चार गोष्टी आपणांपुढे ठेवीत आहे.

१. ग्रंथ आणि ग्रंथकार

ग्रंथाचे नाव 'अर्धकथानक'. कर्ते कविवर बनारसीदास. 'समयसार नाटक' या त्यांच्या अध्यात्मग्रंथाचा स्वाध्याय अनेक जिनमंदिरांतून आजही होतो. परंतु हा थोर कवी आयुष्यभर आपल्यासारखाच बाजारात बसणारा माणूस होता, हे फार थोड्यांच्या ध्यानात असते. त्यांचा जन्म वि. सं. १६४३ मध्ये, म्हणजे इ. स. १५८६ च्या सुमारास, जौनपूर येथे श्रीमाळ कुळात झाला. 'अर्धकथानक' त्यांनी आग्र्यास इ. स. १६४१ मध्ये पूर्ण केले. मनुष्याचे पूर्ण आयुष्य एकशे दहा वर्षांचे धरून, आपली पंचावन्न वर्षे उलटली म्हणून ही अर्धीच कथा, असा त्या नावाचा अर्थ आहे. व्रज भाषेत बोलीचे मिश्रण करून लिहिलेल्या ६७५ पद्यांत त्यांनी आपले सारे आयुष्य सांगितले आहे. भारतीय भाषांतील पहिले आत्मचरित्र असा त्याचा गौरव होतो. पं. नाथूराम प्रेमी यांनी १९४३ साली मुंबईहून त्याची संपादित आवृत्ती काढली, तेव्हापासून ते अभ्यासकांच्या नजरेत आले.

ग्वाल्हेरकरांना जवळचा वाटावा असा एक धागाही यात आहे. बनारसीदासांचे आजोबा मूलदास हे नरवर येथे एका मोगल सरदाराचे मोदी होते. मोदी म्हणजे धान्य-किराणा पुरविणारा व गरजेला रक्कम उचलून देणारा. आपल्याच धंद्याचा माणूस. मूलदास वारले तेव्हा त्या सरदाराने घरास मोहोर लावून सर्व चीजवस्तू जप्त केली, आणि त्यांची विधवा लहानग्या खरगसेनाला घेऊन जौनपुरास माहेरी गेली. हा खरगसेन म्हणजे आपल्या कवीचा पिता. पुढे तो रत्नांचा व्यापारी झाला. तेव्हा या घराण्याने बुडणे आणि पुन्हा उभे राहणे या दोन्ही गोष्टी बनारसीदासांच्या जन्मापूर्वीच पाहिल्या होत्या.

मुलगा असामान्य बुद्धीचा होता. कोश, अलंकार, ज्योतिष हे विषय त्याने पंडिताजवळ बसून आत्मसात केले. मुनिजनांच्या सहवासात धर्मग्रंथ वाचले. कोवळ्या वयात हजार पद्यांचे एक शृंगारप्रधान काव्य रचले. पुढे त्या काव्याची लाज वाटून त्याने ती पोथी गोमतीच्या प्रवाहात टाकून दिली. असा हा मुलगा व्यापारात चमकेल असे कोणालाही वाटले असते.

२. घसरण

वि. सं. १६६७ मध्ये, म्हणजे चोविसाव्या वर्षी, पित्याने त्याला जवळ बोलावून घराचा भार त्याच्यावर सोपविला. वीस मण तूप, तेलाचे दोन बुधले, जौनपुरी कापड आणि माणके, नीळ, पाचू, अंगठ्या, पोहोची असे जवाहिर एवढा माल त्याच्या स्वाधीन केला. त्यातील काही घरचे होते, काही उसने आणलेले. गाड्या भरून तो आग्र्यास निघाला. वाटेत इटाव्याजवळ पावसाने गाठले. सरायीत जागा नव्हती, कोणी दारात उभे करीना. शेवटी एका झोपडीत, खाटेवर झोपलेल्या दांडग्या माणसाच्या खाटेखाली तरट अंथरून या रत्नपारख्याने रात्र काढली.

आग्र्यास पोहोचल्यावर तूप-तेल विकून नाममात्र सुटले. खरा घात जवाहिरात झाला. काही रत्ने त्याने इजारीच्या नाडीत बांधून ठेवली होती, ती नाडीबरोबर गेली. काही माणके कपड्याच्या गाठीत बांधली होती, ती गाठ उंदरांनी पळविली. एक अंगठी वाटेत कोठे गळून पडली ते कळलेच नाही. पोहोची ज्याला विकल्या त्या गिऱ्हाइकाचे दिवाळे निघाले. गिऱ्हाईक भले की बुरे याची पारख न करता माल देत गेल्यामुळे जे हरवले नव्हते तेही गेले. त्यात आजारपण आले. काही महिन्यांत मुद्दल संपले, आणि आग्र्याहून जौनपुरास, तुमच्या चिरंजीवाने सर्व घालविले, अशी वार्ता पत्राने गेली.

त्यानंतरचा काळ वाचताना हसावे की रडावे ते कळत नाही. बाजारात जाण्याचे तोंड उरले नाही, म्हणून हा गृहस्थ घरात बसून रात्री 'मधुमालती' आणि 'मृगावती' ही प्रेमकाव्ये मोठ्याने वाचीत असे व दहावीस माणसे ऐकावयास जमत. त्यांत एक कचोरीवाला होता. त्याच्याकडून कवी रोज उधार कचोऱ्या घेऊन पोट भरी.

३. कारणांची छाननी

आता एका व्यापाऱ्याच्या नजरेने या खात्याची छाननी करू. मला त्यात पाच कारणे दिसतात.

पहिले कारण, बुद्धी एका विषयाची असते हे विसरणे. जो शब्द पारखतो तो माणूस पारखीलच असे नाही. ज्योतिष जाणणाऱ्याला नाडीची गाठ पक्की बांधता येईलच असे नाही. आपल्याकडे शाळेत पहिला येणारा मुलगा वखारीत आला की पोत्यात बांबू खुपसून दाणा काढणे, तो दाताखाली फोडून ओल ओळखणे, ही कामे त्याला हमालाची वाटतात. हुशार माणसाला सामान्य काम शिकण्याची लाज वाटते, आणि बुडतो तो नेमका त्या सामान्य कामात. मंद बुद्धीचा माणूस चारदा विचारतो. म्हणून तो पुष्कळदा तरतो.

दुसरे कारण, एकदम चार धंदे. तूप, तेल, कापड आणि जवाहीर या प्रत्येकाचा बाजार निराळा, गिऱ्हाईक निराळे, राखण्याची तऱ्हा निराळी. तुपाची वसुली आठवड्यात होते, रत्नाला वर्ष लागते. मुरलेल्या माणसाला जे झेपत नाही ते नवख्याच्या अंगावर टाकले गेले. यात दोष एकट्या मुलाचा नाही, पित्याचाही आहे. आपण आपल्या मुलांच्या हाती व्यवहार सोपविताना थोडा थोडा सोपवितो की एके दिवशी सगळ्या किल्ल्या फेकतो, याचा विचार प्रत्येक बापाने करावा.

तिसरे कारण, झटपट लाभाची आशा. तरुणपणी एका संन्याशाने बनारसीदासांना एक मंत्र दिला होता. वर्षभर गुप्तपणे त्याचा जप कर, मग रोज दारात एक दीनार पडलेली सापडेल, असे त्याने सांगितले. या विद्वान तरुणाने वर्षभर शौचकूपात बसून तो जप केला! वर्ष संपल्यावर दारात दीनार शोधली, आणि अर्थातच ती सापडली नाही. आपण हसतो, परंतु वायद्याच्या सौद्यात आज टाकलेले उद्या दुप्पट होईल या आशेने जे आपली पेढी मोडतात, त्यांचा मंत्र तेवढा बदलला आहे. बुद्धिमान माणूस अशा आशेला लवकर बळी पडतो, कारण तिला शोभेल असा तर्क त्याला चटकन सुचतो.

चौथे कारण आपल्या हाताबाहेरचे. बनारसीदास अकरा-बारा वर्षांचे असताना, १५९८ मध्ये, जौनपूरच्या नबाबाने सर्व जवाहिऱ्यांना धरून कोंडले व फटके मारले. त्याने मागितलेली मौल्यवान वस्तू ते देऊ शकले नाहीत एवढाच त्यांचा अपराध. सारे जवाहिरे कुटुंबांसह परागंदा झाले. १६०५ मध्ये अकबर बादशाह वारल्याची वार्ता आली तेव्हा शहरात हाहाकार उडाला. दुकाने बंद झाली, लोकांनी दागिने पुरले, श्रीमंतांनी जाडेभरडे कपडे घातले. जहांगीर गादीवर बसल्याचे पत्र सुमारे दहा दिवसांनी आले, तेव्हा बाजार उघडला. पुढे आग्र्यास गाठीच्या रोगाची साथ आली. अशा वेळी व्यापारी बुडाला तर त्यात त्याचा दोष कोणता? २०१६ च्या नोव्हेंबरात चलन रद्द झाले आणि २०२० च्या मार्चात देश बंद झाला, तेव्हा आपल्यापैकी कितीकांचा हिशेब एका रात्रीत विसकटला ते आपण पाहिले आहे. स्वतःच्या चुकीने झालेला तोटा आणि काळाने आणलेला तोटा ही दोन खाती निराळी ठेवली पाहिजेत. काळाचा तोटा स्वतःच्या नावे लिहिणारा खचतो. आपली चूक काळाच्या नावे लिहिणारा शिकत नाही.

पाचवे कारण मला सर्वांत भयंकर वाटते, ते म्हणजे लपविणे. येथे मला माझे स्वतःचे उदाहरण दिल्यावाचून गत्यंतर नाही. १९९४ साली, वडील हयात असताना, मी त्यांना न विचारता हरभऱ्याची तीनशे पोती उधारीवर घेऊन धरून ठेवली. भाव चढेल असा माझा अंदाज होता व त्या अंदाजाला आधारही होता. परंतु आवक वाढली, भाव उतरला. त्याच आठवड्यात माल काढला असता तर तोटा सोसण्याजोगा होता. पण मग वडिलांना सांगावे लागले असते! म्हणून मी थांबलो. पावसाळा लागला, वखारीत हरभऱ्याला भुंगा लागला. मी सात महिने दोन वह्या ठेवल्या, एक वडिलांना दाखविण्याची आणि एक खरी. रात्री झोप नसे, घरातील माणसांवर उगाच राग निघे. अखेर एका वृद्ध दलालाने मला एकांतात गाठून एवढेच विचारले, "बाळ, दुसरी वही कुठे आहे?" मला रडू कोसळले. त्यांनी ती वही वाचली, माझ्याबरोबर वडिलांकडे आले आणि माझ्या बाजूला बसून राहिले. वडील बराच वेळ काही बोलले नाहीत. मग म्हणाले, "उद्या माल काढ. चाळून काढ, आणि भुंग्याचा माल आहे हे घेणाऱ्याला सांगून काढ." एवढ्यावर ते प्रकरण मिटले, देणे फेडावयास मात्र चार वर्षे लागली. मूळ तोटा भावाने केला होता. त्याची तिप्पट मी लपवून केली.

४. सावरणे

आता बनारसीदास सावरले कसे ते पाहू. या भागात मला चमत्कार कोठेच दिसला नाही. लहान लहान पावले दिसली.

पहिले पाऊल म्हणजे खरे बोलणे. एके दिवशी त्याने कचोरीवाल्याला एकांतात स्पष्ट सांगितले की, माझ्याजवळ काही उरलेले नाही, यापुढे मला उधार देऊ नकोस. तो साधा फेरीवाला म्हणाला, वीस रुपयांपर्यंत खुशाल खा, तुला कोणी काही बोलणार नाही. ज्या आग्र्यात मोठमोठे सराफ बसत होते तेथे या माणसाची पत अखेर एका कचोरीवाल्याने राखली, आणि तीही त्याने स्वतः आपले दारिद्र्य कबूल केल्यानंतर.

दुसरे पाऊल, मदतीचा हात धरणे. सासरकडचे एक नातलग त्याला आग्रहाने आपल्या घरी घेऊन गेले. मानी माणसाला असे जाणे मरणप्राय वाटते. तो गेला. तेथूनच धर्मदास नावाच्या तरुणाशी भागी जमली. भांडवल पाचशे रुपये. भागीदार उधळ्या होता, पण काम सुरू झाले.

तिसरे पाऊल, लहान देणे आधी फेडणे. हाती पैसा येताच कचोरीवाल्याचा हिशेब केला. तो चौदा रुपये निघाला, तो चुकता केला. चौदा रुपयांची ही नोंद कवीने इतक्या वर्षांनंतरही आपल्या आत्मचरित्रात ठेवली आहे. मोठा सावकार दार ठोठावतो म्हणून त्याचे आधी आणि हमालाचे, भाजीवाल्याचे मागाहून, ही आपली नेहमीची उलटी रीत आहे. गरिबाचे देणे आधी फेडणाऱ्याची पत बाजारात सर्वांत लवकर परत येते, हा माझाही अनुभव आहे.

दोन वर्षांनी भागी मोडली तेव्हा कमाई आणि खर्च यांची तोंडमिळवणी झाली, शिल्लक काही नाही. तो सासरी खैराबादेस गेला. तेथे रात्री पत्नीने विचारले तेव्हा त्याने आपली स्थिती तिला सांगितली. तिने जपून ठेवलेले वीस रुपये काढून दिले आणि आईच्या कानावर घातले. त्या माउलीने कोणाला न कळविता दोनशे रुपये आणून दिले. भगिनींनो, या प्रसंगाकडे मी आपले लक्ष मुद्दाम वेधतो. पुष्कळ घरांत व्यापाराचा तोटा बायकांपासून लपविला जातो, त्यांना काळजी नको म्हणून. आणि पुष्कळ घरांत तो तरला आहे तो त्यांच्या धान्याच्या डब्यात दडलेल्या वीस रुपयांनी.

ते भांडवल घेऊन तो पुन्हा आग्र्यास आला. कापडाचा बाजार पडलेला होता. कापडात बसली, मोत्यांत थोडे सुटले. यावरून त्याने कापडाचा नाद सोडून ज्या मालाची आपल्याला पारख आहे त्यातच राहावयाचे ठरविले. हे चौथे पाऊल. पाचवे पाऊल हिशेबाचे. नरोत्तमदास या जिवलग मित्राशी भागी वेगळी करतानासुद्धा त्याने रीतसर फारखत लिहून घेतली व दिली. मैत्री टिकली, कारण कागद होता. एका श्रीमंत शेठजींकडील हिशेब मिटविण्यासाठी तर त्याला महिनोन्‌महिने खेटे घालावे लागले, कारण शेठजी गाण्या-बजावण्यात दंग. तो चिकाटीने जात राहिला व एका मध्यस्थाच्या साह्याने हिशेब मिटविला.

एवढे करून बनारसीदास नगरशेठ झाले का? नाही. संसारात तर त्यांच्यावर असे आघात झाले की तोट्याची गोष्ट त्यापुढे क्षुल्लक वाटावी. सात पुत्र व दोन कन्या अशी नऊ अपत्ये झाली, एकही वाचले नाही. तीन विवाहांपैकी दोन पत्नी आधीच गेल्या. धर्माच्या वाटेवरही ते एकदा चुकले. अध्यात्माचा अर्धवट अर्थ घेऊन सर्व क्रिया सोडल्या व लोकांच्या हसण्याचा विषय झाले. पुढे पांडे रूपचंद आग्र्यास आले, त्यांच्याकडून 'गोम्मटसारा'चे विवेचन ऐकले, तेव्हा मन स्थिर झाले. त्यानंतर १६३६ मध्ये 'समयसार नाटक' पूर्ण झाले. ज्याच्या हातून रत्ने उंदरांनी नेली त्याने जे रत्न मागे ठेवले ते जवळजवळ चारशे वर्षे कोणी चोरू शकलेले नाही.

५. शास्त्राची साक्ष

कोणी म्हणेल, हा सर्व लाभांतराय कर्माचा उदय; त्याला माणूस काय करणार? कर्मसिद्धांत मी नाकारीत नाही. परंतु कार्य घडण्यास काल, स्वभाव, नियती, पूर्वकृत कर्म आणि पुरुषार्थ ही पाचही कारणे लागतात, असे आपले आचार्य सांगतात. त्यांतील चार आपल्या हाती नाहीत, पाचवे आहे. शिवाय अंतराय कर्म बांधले जाते कशाने? दुसऱ्याच्या कार्यात विघ्न आणल्याने, असे तत्त्वार्थसूत्राच्या सहाव्या अध्यायाच्या शेवटी स्पष्ट सांगितले आहे. तेव्हा पडलेल्या बांधवाच्या उठण्यात जो आडवा येतो तो आपल्याच लाभाच्या वाटेवर दगड रचतो.

सम्यग्दर्शनाची आठ अंगे आपण पाठ म्हणतो. त्यांत 'उपगूहन' म्हणजे दुसऱ्याच्या दोषावर पांघरूण घालणे, आणि 'स्थितिकरण' म्हणजे ढळत असलेल्याला पुन्हा स्थिर करणे. रत्नकरंड श्रावकाचारात समंतभद्राचार्यांनी उपगूहनासाठी जिनेंद्रभक्त शेठजींचे नाव दिले आहे. उदाहरण व्यापाऱ्याचे आहे हे लक्षात घ्यावे. ही अंगे धर्ममार्गावरून ढळणाऱ्यासाठी सांगितली आहेत हे खरे. पण तोंड लपवून गाव सोडणारा तरुण मंदिराचीही पायरी सोडतो. त्याचा व्यवहार सावरणे आणि त्याचा धर्म सावरणे या दोन गोष्टी मला निराळ्या दिसत नाहीत. आग्र्याच्या त्या कचोरीवाल्याला ही अंगे पाठ होती की नाही ते मला माहीत नाही. त्याने ती पाळली एवढे मात्र खरे.

आणि प्रतिक्रमण म्हणजे तरी काय? दिवसभराच्या वर्तनाचा रोजमेळ. जो रोज रात्री आत्म्याची रोकड मोजतो त्याला दुसरी वही ठेवण्याची पाळी येत नाही. बनारसीदासांनी ग्रंथाच्या शेवटी आपल्या गुणांबरोबर आपले दोषही मांडले आहेत: लक्ष्मीचा लोभ फार, जप-तप जमत नाही, थोड्या लाभाने हर्ष होतो, थोड्या हानीने चिंता लागते. जमा आणि नावे या दोन्ही बाजू लिहिलेला असा स्वच्छ ताळेबंद मी दुसरा पाहिला नाही. माणसांचे तीन वर्गही त्यांनी सांगितले आहेत. दुसऱ्याचे दोष झाकून आपले दोष सांगणारे ते उत्तम. आपले व परक्याचे गुणदोष सहजपणे सांगणारे ते मध्यम. दुसऱ्याचे दोष सांगून आपले झाकणारे ते अधम. स्वतःला त्यांनी मध्यमांत बसविले आहे. दुकानाच्या ओट्यावर बसून त्या मुलाविषयी बोलत होतो तेव्हा मी कोणत्या वर्गात होतो, हे मला कोणी सांगावयास नको.

६. आपले कर्तव्य

संघापुढे मी नम्रपणे तीन सूचना ठेवतो. पहिली: कोणा सभासदाची पेढी अडचणीत असल्याचे कळताच आठ दिवसांच्या आत दोन वडीलधाऱ्या सभासदांनी त्याच्या घरी जावे. दुकानावर नव्हे, घरी; आणि वसुलीसाठी नव्हे, वही पाहण्यासाठी. दुसरी: ज्याने आपली खरी वही उघडी केली त्याचे देणे हप्त्यांनी घ्यावे, आणि त्याचा काटा-वजने व बसण्याची जागा कोणी ओढून घेऊ नये, मासेमारी शिकवूच नये अशा आपल्या कुळात निदान चाक मोडलेल्या गाडीवाल्याचे बैल तरी सोडवून नेऊ नयेत. मात्र ज्याने जाणूनबुजून फसविले त्याला ही सवलत नको. चूक आणि लबाडी यांतील भेद राखला नाही तर सचोटीने बुडालेल्यावर अन्याय होतो. तिसरी: दिवाळीनंतरच्या सभेत दरवर्षी एका ज्येष्ठ व्यापाऱ्याने आपल्या नफ्याची नव्हे, आपल्या तोट्याची हकीकत तरुणांना सांगावी. यंदा कोणी पुढे आले नाही तर मी तयार आहे; माझी हरभऱ्याची गोष्ट येथे थोडक्यात आली आहे, तेथे आकड्यांसह सांगेन.

तरुण बंधूंना एवढेच सांगतो. तोटा झाला तर त्याच दिवशी तो कोणाला तरी सांगा. बापाला सांगवत नसेल तर आईला सांगा, बायकोला सांगा, बाजारातील एखाद्या म्हाताऱ्याला सांगा. आमच्यापैकी प्रत्येकाच्या घरी एके काळी दुसरी वही होती.

त्या मुलाच्या घरी मी पर्युषणानंतर क्षमापनेच्या निमित्ताने गेलो. पहिल्या दिवशी त्याच्या आईने पाणी दिले. तो बाहेर आला नाही. आठ दिवसांनी पुन्हा गेलो, तेव्हा आला. मी आधी क्षमा मागितली. मग त्याने कपाटातून वही काढली आणि आम्ही दोघांनी दिवेलागणीपर्यंत ती वाचली. हिशेब वाईट आहे, पण सुधारण्याजोगा आहे. तो सध्या दुसऱ्या गावी एका डाळ गिरणीत मालाची पारख करावयास जातो. माझ्या खतावणीत त्याचे खाते मी बुडीत म्हणून बंद केले होते. यंदाच्या वहीपूजनानंतर ते पुन्हा उघडले असून पहिल्या हप्त्याची पावती त्याच्या घरी पोहोचती केली आहे.